भेंडीचं घराणं दिल्लीला नेलं तेव्हा

दिल्लीहून आले त्याला आता महिना होईल. कॉलेजात, गल्लीत, किराणा दुकानात ज्याने त्याने विचारलं, "इंदूबाई, दिल्ली कशी आहे?" मी म्हटलं, "छान." यापुढे माझं तोंड उघडत नाही. लहानपणापासून असंच आहे, चार माणसांत बोलायचं म्हटलं की जीभ टाळूला चिकटते. म्हणून वहीत लिहिते. शिक्षण चौथीपर्यंत झालं, पण तेवीस वर्षं कॉलेजात कागदांशीच काम केलं, त्यामुळे भीती बोलायची आहे, लिहायची नाही. ही वही कुणाला दाखवायची नाही. पण माझी धाकटी जाऊ दिल्लीला गेलेली नाही, आणि ती वही शोधून वाचल्याशिवाय राहायची नाही, हेही मला ठाऊक आहे. म्हणून तिला समजेल असं लिहिते.

निघण्याआधी

मी झाडं शिवते. दाबून वाळवलेली फांदी जाड पांढऱ्या कागदावर ठेवायची, देठाशी आणि पेरांवर बारीक टाके घालायचे, गाठ मागच्या बाजूला मारायची. उजव्या कोपऱ्यात खाली चिठ्ठी. झालं शीट. हे मला आमच्या कॉलेजातल्या वनस्पतिशास्त्राच्या ठोंबरे सरांनी शिकवलं. सर जन्मभर एकाच घराण्याच्या मागे होते. भेंडी, कापूस, अंबाडी, जास्वंद ही सगळी एका घरची माणसं. सर सांगायचे, "पाला चुरगळा, बुळबुळला? साल ओढा, दोरीसारखी निघाली? आता फूल बघा. पुंकेसर एका नळीत जोडलेले दिसले की घरचाच माणूस समजा." मग भिंग द्यायचे. पानावरची लव भिंगातून बघितली तर एकेक केस चांदणीसारखा फुटलेला दिसतो. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी अर्धा तास भिंग सोडलं नव्हतं.

काटेसावर, कांडोळ आणि धामण ही झाडं पूर्वी या घरात नव्हती. त्यांची तीन घरं वेगळी, कपाटंही वेगळी. मग मोठ्या शास्त्रज्ञांनी झाडांच्या पेशींच्या आतल्या खुणा वाचल्या आणि ठरवलं, की ही चारही घरं मुळात एकच. सर त्या दिवशी फार खूश होते. म्हणाले, "भावांनी चुली वेगळ्या मांडल्या होत्या इंदूबाई, पुन्हा एक झाल्या." आम्ही दोघांनी चार कपाटं रिकामी करून सगळ्यांना एका कपाटात आणलं.

पुढे सर वारले. त्यांच्या जागी शेख मॅडम आल्या. त्यांनी कॉम्प्युटरवर नवी नावं छापून आणली आणि मला म्हणाल्या, "जुनं नाव आता चालत नाही इंदूबाई, ही लावून टाका." मी दोनशे बारा शीटांवर नव्या चिठ्ठ्या डकवल्या. कांडोळाच्या डिंकाची खळ केली, कीड लागू नये म्हणून त्यात मोरचूद घातलं, आणि जुन्या मळकट चिठ्ठीवर नवी अगदी मापात बसवली. एकही वाकडी नाही. मॅडमनी कपाट उघडून बघितलं तेव्हा त्यांचाही चेहरा खुलला.

यंदा आमची शीटांची खोली कॉलेजला कॉम्प्युटरसाठी हवी झाली. मार्चअखेर रिकामी करायची होती. मागे एका घराण्याची शीटं व्हरांड्यात ठेवली होती, एका पावसाळ्यात त्यांचा भुसा झाला. मॅडमनी दिल्लीतल्या एका मोठ्या संस्थेला पत्र लिहिलं. तिथे अशी शीटं थंड, कोरड्या खोल्यांत शंभर शंभर वर्षं ठेवतात. उत्तर आलं, आणून दाखवा, योग्य वाटलं तर घेऊ. नाही घेतली तर सरांच्या सगळ्या जन्माला जागा नव्हती.

मॅडम म्हणाल्या, "तुम्ही पण चला. शिवण उसवली तर मला येत नाही."

तीन पत्र्याच्या पेट्या घेऊन आम्ही निघालो. गाडीत समोरच्या बाईंनी विचारलं, "पापड आहेत का हो? दिल्लीला विकायला?" मॅडम म्हणाल्या, "नाही, भेंडीचं खानदान आहे. लग्नाला निघालंय." ती बाई नागपूरपर्यंत आमच्याशी बोलली नाही.

आर. के. पुरम

मॅडमचे मोठे भाऊ केंद्र सरकारच्या नोकरीत आहेत, आर. के. पुरमच्या क्वार्टरमध्ये राहतात. ते कामासाठी बाहेरगावी होते. घरी भाभी आणि नऊ वर्षांची झोया. रोजे चालू होते. आम्ही पोचलो तेव्हा दुपार होती. भाभींनी माझ्यासमोर वरण, भात, बटाट्याची भाजी ठेवली आणि स्वतः बाजूला बसल्या. उपाशी माणसासमोर जेवायचं मला जड गेलं. मी ताट सरकवलं, तर त्या रागावल्या.

"इंदूताई, आमचा रोजा आहे, तुमचा नाही. तुम्ही नाही जेवलात तर माझा रोजा काय कामाचा? चला, जेवा."

आमच्याकडे एकादशीला उपास करणारी बाई दुसऱ्याला वाढताना चार वेळा सांगते की मला उपास आहे. भाभींनी मी ताट सरकवेपर्यंत एकदाही सांगितलं नव्हतं.

दिल्लीचे रस्ते सरळ आणि रुंद आहेत आणि मार्चमध्ये त्यांच्या कडेने काटेसावर फुललेली असते. आपल्याकडे सावर डोंगराच्या अंगाला एकटी उभी असते. इथे ओळीने उभी केली आहे, पोलीस उभे करावेत तशी. पान एक नाही, नुसती लाल फुलं, आणि खाली फुटपाथवर पडलेली जाड फुलं स्कूटरखाली चिरडली जात होती. मला फार वाईट वाटत होतं. आपण सावरीच्या कापसाची उशी करतो. इथे तिच्या कळ्यांची भाजी करतात. भाभींनी दुसऱ्या दिवशी भाजीवाल्याकडून आणली. मसाला घातलेली, थोडी बुळबुळीत, चवीला मटणाच्या जवळ जाणारी. बुळबुळीत लागताच मी मनात म्हटलं, घरचाच माणूस.

झोया मला मावशी म्हणते, पण पुढचं वाक्य अर्धं हिंदीत. आत्याला फुफ्फी म्हणते. भेंडी खात नाही. मॅडम म्हणाल्या, "तुझं चॉकलेट कुठून येतं माहीत आहे? कोकोच्या झाडातून. ते भेंडीच्याच घरचं आहे."

"झूठ, फुफ्फी!"

"बिल्कुल नाही. मावशीला विचार."

झोयाने माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली.

"मग चॉकलेट भिंडीची बहन आहे?"

"चुलत," मी म्हटलं.

"चुलत म्हणजे?"

दिल्लीत वाढलेल्या पोरीला चुलत माहीत नव्हतं. मी तिला हाताची बोटं धरून सांगितलं, ही तू, हा तुझा बाबा, हा बाबाचा भाऊ, ही त्या भावाची पोर, ती तुझी चुलत. ते सांगता सांगता माझ्या लक्षात आलं, की दिल्लीत आल्यापासून मी इतका वेळ कुणाशीच बोलले नव्हते.

पंतजी

संस्थेत आमची शीटं तपासायला एक म्हातारे गृहस्थ होते. सगळे त्यांना पंतजी म्हणत होते. डोंगराकडचे, बोलणं हळू. त्यांनी पेटी उघडली, पहिलं शीट दोन्ही हातांनी उचललं, उलटं करून मागच्या गाठी बघितल्या.

"सिलाई किसकी है?"

मॅडमनी माझ्याकडे हात केला. पंतजी म्हणाले, "बहनजी, हमारे यहाँ अब टेप लगाते हैं. ऐसी सिलाई मैंने बहुत दिन बाद देखी." मी खाली बघितलं. कान तापले होते, पण बरं वाटत होतं.

मग ते चिठ्ठी वाचायला लागले. एक शीट, दोन, पाच. पुन्हा पहिल्यावर आले.

"नाम तो है. जगह कहाँ है? तारीख? किसने तोड़ा, कहाँ से?"

मॅडमनी पुढे होऊन बघितलं. "सरांनी लिहिली नसेल..." त्यांचा आवाज बारीक झाला. "सर ने शायद नहीं लिखी."

पंतजींनी चष्मा काढला. "मॅडम, नाम का क्या है. नाम तो बदलते रहते हैं. पहले चार कुल थे, अब एक है, कल कोई और आकर दो कर देगा. पौधा कहाँ खड़ा था, किस दिन खड़ा था, वही हमेशा काम आता है. बिना उसके यह सूखी टहनी है. सुंदर सिली हुई." त्यांनी शीट पेटीत परत ठेवलं. "अलमारी में नहीं रख सकता. स्कूल के बच्चों को दिखाने के लिए रख लूँगा. शुक्रवार तक बता दीजिए."

शाळेतली मुलं दोन महिन्यांत त्याचा चुरा करतात, हे मॅडमनाही माहीत होतं आणि मलाही.

आणि मला आणखी एक माहीत होतं. सरांनी सगळं लिहिलं होतं. गाव, नाला, बांध, तारीख, सगळं शिसपेन्सिलने. सर म्हणायचे, "शाई रडते, शिसं रडत नाही." ते सगळं माझ्या सरळ, मापात बसवलेल्या चिठ्ठ्यांच्या खाली होतं.

मला तेव्हाच बोलायला हवं होतं. जीभ टाळूला चिकटली ती सुटली नाही. मॅडम पेटीचं झाकण लावत होत्या, मी कडी लावायला मदत केली.

परत येताना मॅडम कोपर्निकस मार्गावर उतरल्या. तिथे महाराष्ट्राच्या अतिथिगृहात जेवण मिळतं. त्यांना स्वतःला रोजा, तरी माझ्यासाठी पिठलं भाकरी मागवली. वाढणारा माणूस साताऱ्याकडचा होता. "मावशी, ठेचा पाहिजे का? दिल्लीत असा मिळायचा नाही!" किती दिवसांनी कुणी मराठीत आरडाओरडा केला. पण मी ठेचा नको म्हटलं. समोर मॅडम उपाशीपोटी, मान खाली घालून बसल्या होत्या आणि सरांना दोष देत होत्या.

"इतका मोठा माणूस, आणि जागा लिहू नये?"

बाहेर वाफ्यात गुलखैरा फुलला होता, माणसाच्या उंचीचा, गुलाबी आणि पांढरा. तोही याच घरचा. नळीत जोडलेले पुंकेसर लांबूनसुद्धा दिसत होते. मी त्याच्याकडेही बघू शकले नाही.

बशी आणि चमचा

भाभी रोज इफ्तारला सरबत करतात. त्यात गोंद कतीरा घालतात. तो डिंकच. रात्री पाण्यात दोन खडे टाकले की सकाळी वाटीभर जेली फुगते, उन्हाळ्यात पोटाला थंड. आपल्या कांडोळाच्या डिंकासारखाच दिसतो. मॅडम म्हणाल्या, बाजारात या एका नावाखाली दोन-तीन झाडांचे डिंक विकतात, कुठला कुणाचा सांगता येत नाही.

त्या संध्याकाळी अजान व्हायला थोडा वेळ होता. मी भांडी घासायला उभी राहिले. आदल्या दिवशीच्या बशीला चमचा घट्ट चिकटून बसला होता, सरबत वाळलं होतं. मी नखाने ओढायला लागले, तर झोया म्हणाली, "मावशी, खींचो मत. पानी डालो, रुको."

तिने बशीत पाणी ओतलं. आम्ही दोघी बघत उभ्या राहिलो. वाळलेला पापुद्रा हळूहळू पांढरा झाला, फुगला, आणि चमचा आपोआप सुटून बशीत आडवा झाला. झोया निघून गेली. मी तिथेच उभी होते.

मग मी मॅडमकडे गेले. त्या खजूर ताटलीत मांडत होत्या.

"मॅडम, सरांनी लिहिलं होतं."

"काय?"

"जागा. तारीख. ते खाली आहे. मी नवी चिठ्ठी वर डकवली."

त्यांच्या हातातला खजूर तसाच राहिला. "इंदूबाई! एकावर एक? जुनी चिठ्ठी झाकून? अहो, बाजूला लावायची असते! जुनं कधी झाकत नाहीत! पहिल्या वर्षाच्या पोराला विचारा!"

"मी पहिल्या वर्षाला नव्हते मॅडम," मी म्हटलं. कसं निघालं तोंडातून कोण जाणे. "तुम्ही म्हणालात, जुनं नाव आता चालत नाही."

भाभी दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या. मॅडमनी हातातला खजूर ताटलीत ठेवला. मग म्हणाल्या, "हो. असंच म्हटलं मी. आणि कपाट उघडून बघून तुम्हाला शाबासकी पण दिली." आणि थोड्या वेळाने, "आज मी दिवसभर ठोंबरे सरांना बोलले."

अजान झाली. त्यांनी पहिला खजूर उचलला आणि माझ्या हातात दिला.

त्या संध्याकाळी आम्ही भेंडीचं एक शीट घेतलं. भेंडीचं अशासाठी, की बिघडलं तरी भेंडी पुन्हा मिळते. झोयाच्या वहीतला टिपकागद ओला करून फक्त चिठ्ठीवर ठेवला, झाडाला पाणी लागू नये म्हणून मध्ये प्लास्टिक लावलं. वीस मिनिटं थांबलो. मग मी बोथट सुरीने कोपरा उचलला. डिंक फुगला होता. चिठ्ठी साय निघावी तशी निघाली, आणि खाली सरांचं तिरकं अक्षर होतं, गावाचं नाव, विहिरीजवळचा वाफा, तारीख. शिसं खरंच रडलं नव्हतं. मॅडमच रडत होत्या.

पुन्हा पंतजी

गुरुवारी सकाळी आम्ही संस्थेत गेलो. वाटेत मॅडम म्हणाल्या, "तुम्ही काही बोलू नका, मी सांगते, कामात चूक झाली म्हणून." मला त्यांचं मन समजलं. पण पंतजींसमोर त्यांनी "हमारे यहाँ एक गलती..." म्हणायला सुरुवात केली आणि माझ्याच तोंडून निघालं,

"मैंने चिपकाया. नीचे है. मैं निकालती."

माझं हिंदी एवढंच. पंतजींनी माझ्याकडे बघितलं, मग भेंडीच्या शीटाकडे. भिंग लावून सरांचं अक्षर वाचलं.

"गोंद किसका है?"

"कांडोळाचा," मॅडम म्हणाल्या आणि त्याचं शास्त्रीय नाव सांगितलं.

पंतजी हसायला लागले. "यानी घरवालों ने ही छिपाया, घरवालों ने ही छोड़ दिया."

त्यांनी आम्हाला खिडकीजवळचं एक टेबल दिलं. चार दिवस मी तिथे बसले. टिपकागद ठेवायचा, थांबायचं, सुरी लावायची, चिठ्ठी उचलून वाळत घालायची, आणि मग ती सरांच्या चिठ्ठीच्या बाजूला लावायची, वर नाही. खिडकीबाहेर इथेही गुलखैरा फुलला होता, त्याच्या वाफ्यावरून वारा आत यायचा. संस्थेतल्या दोन मुली येऊन माझे टाके शिकून गेल्या. एकीला गाठ जमत नव्हती, तिचा हात धरून शिकवलं. भाषेची गरज पडली नाही.

सगळी सुटली असं नाही. सात शीटांवर सरांनी कधीतरी घाईत शाईने लिहिलं होतं. ती खरंच रडली, निळा डाग राहिला. ती सात शाळेतल्या मुलांसाठी वेगळी काढली. तिसऱ्या दिवशी आणखी एक गंमत झाली. पंतजींनी एक शीट हातात धरून विचारलं, "यह घुसपैठिया कौन है?"

तो बोरूचा ताग होता. त्याचं फूल वाटाण्याच्या फुलासारखं असतं, तो वाटाण्याच्या घरचा. मी चिठ्ठी सोडवली, तर खाली सरांनी लिहिलं होतं: "इंदूबाई म्हणतात, हा पण याच घरचा, कारण दोर चांगला होतो. नाही. पण दोर खरंच चांगला होतो." मला आठवलं. तेव्हा मी नवी होते, साल ओढून बघितली होती, फूल बघितलंच नव्हतं. सरांनी तेव्हा मला काही म्हटलं नाही. मॅडमनी ते पंतजींना हिंदीत वाचून दाखवलं. ते इतके हसले की बाजूच्या खोलीतून माणूस बघायला आला.

आता मला वाटलं काम संपलं. पण पंतजींनी लहान कोऱ्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा माझ्यासमोर ठेवला. त्यांचा नियम सांगितला. शीटाला कुणीही हात लावला, नाव बदललं, काही काढलं, काही लावलं, तर तसं लिहून, सही करून ती चिठ्ठीही शीटावर लावायची. कायमची. पुढे शंभर वर्षांनी कुणी बघितलं तर त्याला कळलं पाहिजे, काय झालं होतं आणि कुणी केलं.

"गलती भी?" मॅडमनी विचारलं.

"गलती ही तो," पंतजी म्हणाले.

मी दोनशे चार वेळा लिहिलं. "जुनी चिठ्ठी मी झाकली होती. मीच सोडवली. इंदू." आणि तारीख. पहिल्या दहा वेळा लाज वाटली. पन्नासाव्या वेळेनंतर वाटेनाशी झाली. शेवटी शेवटी अक्षर बरं यायला लागलं. मराठीत लिहू का विचारलं, तर पंतजी म्हणाले, सरांनी मराठीत लिहिलं आहे, मग शीटाला मराठी कळते.

शेवटच्या दिवशी पेट्या थंड खोलीत गेल्या, किडे मरायला. तिथून त्या कपाटात जातील. तागाचं शीट मात्र पंतजींनी मला परत दिलं. म्हणाले, याचं घर वेगळं आहे, तुम्ही घेऊन जा.

निघताना झोयाने स्टेशनवर भाभींना विचारलं, "मावशी आपली कोण लागते?" भाभी विचार करायला लागल्या. झोयाच म्हणाली, "चुलत."

ते शीट मी घरी कपाटात साड्यांवर ठेवलं आहे. ही वही मी शिसपेन्सिलने लिहिली. चुकले तिथे खोडलं नाही, वर कागद डकवला नाही. एक रेघ मारली आहे आणि बाजूला बरोबर शब्द लिहिला आहे. जाऊबाई, तुम्ही वाचाल तेव्हा दोन्ही दिसतील.